सिंगापूरला शंभर मीटर बटरफ्लाय: फॉर्म, खर्च, कासरा आणि दोन हात

मागच्या आठवड्यात शाखेत एका खातेदार बाईंनी काउंटरवर पासबुक सरकवत विचारलं, "मॅडम, तुम्ही म्हणे सिंगापूरला पोहून आलात. तिथं नाव कसं द्यायचं हो?" मागे सात माणसं रांगेत. म्हटलं, सगळं लिहून देते. बाई साठीच्या आहेत, रोज पहाटे पोहतात. हे मुख्यतः त्यांच्यासाठी, आणि तलावावर कडेला उभं राहून "आता या वयात कसलं बटरफ्लाय" म्हणणाऱ्या बाकीच्यांसाठी.

आधी एक गोष्ट स्पष्ट करते. मी गेले होते ती मास्टर्स जागतिक जलतरण स्पर्धा. मुख्य जागतिक स्पर्धा सिंगापूरला ३ ऑगस्ट २०२५ ला संपली, त्यानंतर त्याच शहरात आम्हा हौशी लोकांची शर्यत. पंचविशीच्या पुढचं कुणीही उतरू शकतं, गट पाच-पाच वर्षांचे. आणि आपण देशाकडून नाही, आपल्या क्लबकडून पोहतो. आमच्या सोसायटीच्या फाटकावर 'भारताचं प्रतिनिधित्व' असा फ्लेक्स लागला तेव्हा सेक्रेटरींना गाठून तो उतरवायला लावला. ते दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत.

मी वाईकडची. पोहायला शिकले ती विहिरीत, पाठीला पांगाऱ्याचं बिंडं बांधून, थोरल्या दादानं मागून ढकलल्यावर. पुढे लग्न, पुणं, बँकेची नोकरी, दोन बाळंतपणं. पाणी सुटलं ते सुटलंच. पंचेचाळिशीत डॉक्टरांनी गुडघ्यांसाठी पोहायला सांगितलं तेव्हा पुन्हा तलावावर गेले. शेजारच्या लेनमध्ये बारा-तेरा वर्षांच्या मुली बटरफ्लाय मारायच्या. दोन्ही हात एकदम पाण्याबाहेर, कमरेतून लाट, तोंड वर, परत आत. एक दिवस सरांना म्हटलं, मला हे शिकायचंय. सर माझ्यापेक्षा अठरा वर्षांनी लहान. म्हणाले, "ताई, फ्रीस्टाईल छान चाललंय की." म्हणजे नाहीच. दोन महिने मागे लागले तेव्हा कुठे तयार झाले.

पहिलं वर्ष पंचवीस मीटर पुरे करण्यात गेलं. ज्यांनी हा प्रकार केलेला नाही त्यांच्यासाठी सांगते: बटरफ्लायमध्ये दमायला होतं ते हातांनी नाही, श्वासानं. ताल एकदा चुकला की कंबर खाली जाते, मग हात पाण्याबाहेर निघत नाहीत, आणि पुढचे दहा मीटर माणूस पोहत नसतो, फक्त बुडायला नकार देत असतो.

नोव्हेंबर २०२३ मध्ये एका मास्टर्स स्पर्धेत पहिल्यांदा ५० मीटर बटरफ्लायला नाव दिलं. तलाव पंचवीस मीटरचा, म्हणजे मध्ये एक टर्न. बाहेर आले, टॉवेल गुंडाळला, आणि पंच चिठ्ठी घेऊन आले. बाद. टर्नला माझा डावा हात आधी लागला आणि उजवा मागून. बटरफ्लायमध्ये दोन्ही हात एकाच वेळी, वेगवेगळे ठेवून भिंतीला लागायला हवेत. मला हे माहीत होतं. हातांना माहीत नव्हतं.

घरी येऊन आधी रडले, मग नियमावली छापून घेतली. बँकेत तीस वर्षं परिपत्रकं वाचण्यात गेलीत, त्याचा इथे पहिल्यांदा वैयक्तिक फायदा झाला. तिसऱ्यांदा वाचताना मास्टर्सच्या प्रकरणातली एक ओळ डोळ्यांत भरली: मास्टर्स बटरफ्लायमध्ये ब्रेस्टस्ट्रोकची किक चालते. म्हणजे बेडकासारखी. अट एवढीच, की एका किकला हातांचा एकच स्ट्रोक. तुम्ही हात बटरफ्लायचे मारा आणि पाय दमले की बेडकासारखे मारा, पंच बाद करणार नाहीत. पेन्सिलनं त्या ओळीखाली रेघ मारली आणि सरांना फोटो पाठवला. सरांनाही माहीत नव्हतं, ते लहान मुलांना शिकवतात.

ही सवलत म्हणजे म्हाताऱ्यांवर केलेली दया नव्हे. मुळात बटरफ्लाय ब्रेस्टस्ट्रोकच्याच पोटातून निघालंय. १९३०च्या दशकात काही जण ब्रेस्टस्ट्रोकच्या शर्यतीत हात पाण्यावरून फेकायला लागले, पाय मात्र बेडकाचेच. १९५२ मध्ये दोन्ही प्रकार वेगळे केले गेले आणि १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकला बायकांची पहिली १०० मीटर बटरफ्लाय झाली. अमेरिकेच्या शेली मॅननं ती १:११.० मध्ये जिंकली. तेव्हा दमल्यावर मी बेडूक होते ती माझ्या दृष्टीनं परंपराच.

२०२४ भर सराव. आधी ५०, मग १००. गटाची पात्रता वेळ काढून आरशाला चिकटवली. प्रत्येक वयोगटाला, प्रत्येक प्रकाराला ती वेगळी असते, नाव द्यायच्या आधी बघून ठेवा. माझी १०० मीटरची वेळ १:४५ च्या आसपास यायला लागली तेव्हा, जानेवारी २०२५ मध्ये, नवऱ्याला सांगितलं. ते टीव्ही बघत होते. म्हणाले, "किती दिवस?" सहा. "मग डब्याचं बघतो मी." परवानगीचा भाग संपला, असं वाटलं.

खरी परवानगी बँकेची. राष्ट्रीयीकृत बँकेत, सरकारी किंवा अनुदानित नोकरीत असाल तर परदेशी जायला ना हरकत पत्र लागतं, मग ते सहलीला का असेना. मी फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यात अर्ज टाकला. स्वखर्चानं, खासगी कारण, तारखा अमुक. तो वरच्या कार्यालयात गेला, तिथून 'खर्चाचा स्रोत नमूद करावा' म्हणून परत आला. मी लिहिलं: भिशी. ते परत आलं. मग 'वैयक्तिक बचत' लिहिलं. पत्र हातात पडायला सात आठवडे लागले. नोकरी करणाऱ्यांनी स्पर्धेच्या आधी हे सुरू करावं, नावनोंदणीच्याही आधी.

मग नावनोंदणी. जिल्हा संघटना, राज्य संघटना, भारतीय जलतरण महासंघाचा नोंदणी क्रमांक, आणि त्या आधारावर क्लबतर्फे जागतिक स्पर्धेची ऑनलाइन प्रवेशिका. एका व्यक्तीला पाच वैयक्तिक शर्यतींत उतरता येतं. मी दोनच घेतल्या, ५० आणि १०० बटरफ्लाय. वय ३१ डिसेंबरला धरतात. माझा जन्म ऑक्टोबर १९७२ चा, त्यामुळे शर्यतीच्या दिवशी मी बावन्न, पण कागदावर त्रेपन्न. गट ५०-५४.

इथे मी जी चूक केली ती तुम्ही करू नका. फॉर्ममध्ये 'लास्ट नेम' असा रकाना होता. माझ्या संघटनेच्या ओळखपत्रावर नाव आपल्याकडच्या पद्धतीनं छापलंय: आडनाव, माझं नाव, नवऱ्याचं नाव. शेवटचं नाव कुठलं? नवऱ्याचं. मी तेच भरलं, आणि आडनाव मधल्या नावाच्या रकान्यात घातलं. केवायसीच्या फॉर्मात हीच चूक मी दिवसाला चार वेळा पकडते. लोकांना चश्म्यावरून बघत "शेवटचं नाव म्हणजे आडनाव हो काका" असं सांगते. आणि स्वतः रात्री साडेअकराला, डोळ्यांवर झोप असताना, तेच केलं.

शुल्क भरताना कार्ड नाकारलं गेलं. तीनदा. बँकवालीचं कार्ड बँकेनंच नाकारलं. आपल्याकडे डेबिट-क्रेडिट कार्डावर परदेशी व्यवहार आपोआप सुरू नसतात, ॲपमध्ये जाऊन चालू करावे लागतात. तेवढं केल्यावर चौथ्या वेळी पैसे गेले.

मार्चमध्ये टीएमटी आणि टू-डी इको या हृदयाच्या तपासण्या करून घेतल्या. मला कुणी सक्तीनं सांगितलं नव्हतं. पण पन्नाशीनंतर शंभर मीटर बटरफ्लायला हृदय किती वर जातं हे ट्रेडमिलवर डॉक्टरांच्या समोर कळलेलं बरं, पाण्यात कळण्यापेक्षा. खांद्यासाठी फिजिओकडे आठ बैठका झाल्या. उजव्या खांद्यावर ती निळी पट्टी चिकटवायची सवय तेव्हाच लागली. ती पट्टी लक्षात ठेवा.

एप्रिल-मेमध्ये वेगळंच संकट. उन्हाळी शिबिरं सुरू झाली की तलावात पाण्यापेक्षा मुलं जास्त. बटरफ्लायला लागते ती मोकळी लेन, नाहीतर हात कुणाच्या तरी तोंडावर बसतो. एकदा बसलाही. त्या मुलाच्या आईचं आणि माझं जे झालं ते इथे लिहीत नाही. मी आठ दिवसांची रजा काढून माहेरी गेले.

आमच्या विहिरीला मेमध्येही दोन पुरुष पाणी असतं. पण विहीर ती विहीर, चार हात मारले की समोर दगड. दादा काठावर बसून माझं बघत होता. दुसऱ्या दिवशी तो गोठ्यातून कासरा घेऊन आला. एक टोक माझ्या कमरेला, दुसरं मोटेच्या जुन्या दगडाला. आता मी पोहायचे आणि जागच्या जागीच राहायचे. दादा वरून मोबाइलवर वेळ लावायचा आणि मध्येच ओरडायचा, "पाय बुडतायत गं!" पोहण्याची बारकी चूक मी वर्षभर सरांना विचारत होते. ती दादानं बरोबर पकडली, कारण बांधलेला बैल आणि बांधलेली बाई यांची ओढ कुठे कमी पडते ते कासऱ्याच्या ढिलाईवरून त्याला दिसत होतं. श्वास घ्यायला डोकं जरा जास्त वर उचललं की कासरा सैल पडायचा. आठ दिवसांत हनुवटी खाली राहायला शिकले. पुण्याला आल्यावर सरांनी एक लांबी बघितली आणि विचारलं, कुठला क्लास लावला होता?

(हल्ली कमरेला बांधायचा रबरी पट्टा दुकानात मिळतो. सरांनी नंतर दाखवला. पण त्याच्याबरोबर दादा येत नाही.)

पोशाखाचं सांगते, कारण बायका मला हेच सगळ्यात हळू आवाजात विचारतात. शर्यतीचा पोशाख मान्यताप्राप्त यादीतला हवा, त्यावरचं मान्यतेचं चिन्ह बघून घ्या. बायकांचा एकसंध, खांद्यापासून गुडघ्यापर्यंत चालतो. मान झाकायची नाही, गुडघ्याखाली जायचं नाही. म्हणजे ज्यांना मांड्या दिसण्याची लाज वाटते त्यांच्यासाठी नियमातच सोय आहे. तो घट्ट असतो, इतका की मला पहिल्यांदा चढवायला पंचवीस मिनिटं आणि लेक लागली. किंमत साडेतेरा हजार. लग्नातल्या शालूपेक्षा महाग आणि त्याच्या शंभराव्या भागाएवढा.

सिंगापूरचा व्हिसा त्या मानानं सोपा. आपल्याला तो अधिकृत एजंटमार्फत ऑनलाइन काढावा लागतो. फॉर्म १४ए, पांढऱ्या पार्श्वभूमीचा ३५ बाय ४५ मिलिमीटरचा फोटो, तिकीट, हॉटेल, नोकरीचं पत्र. मूळ शुल्क ३० सिंगापुरी डॉलर, वर एजंटचे पैसे. प्रवासाच्या महिनाभर आधीपासूनच अर्ज घेतात, त्याआधी घाई करून उपयोग नाही. मी जुलैत दिला आणि पाच दिवसांत व्हिसा मेलवर आला. तो पासपोर्टशी ताडून बघताना स्पर्धेच्या प्रवेशिकेची पावतीही शेजारी ठेवली, आणि तेव्हा ते 'लास्ट नेम' दिसलं. पोटात खड्डा पडला. आयोजकांना मेल केला. उत्तर आलं, पासपोर्ट घेऊन ओळखपत्राच्या टेबलाशी या, तिथे बघू. 'तिथे बघू' या दोन शब्दांवर मी पुढचे तीन आठवडे काढले.

२८ जुलैला मुख्य स्पर्धेतली बायकांची १०० मीटर बटरफ्लायची अंतिम शर्यत होती. आपल्याकडे संध्याकाळ, मी रोकड मोजत होते. रात्री जेवताना फोनवर बघितली. अमेरिकेची ग्रेचेन वॉल्श. थायलंडच्या सराव शिबिरानंतर त्यांच्या संघात पोटाचा आजार पसरला होता, तीही त्यात सापडली होती, एका रिलेतून तिला माघार घ्यावी लागली होती. आणि तरी ५४.७३. बेल्जियमची रोस फॅनोटरडाइक दुसरी, ५५.८४. ऑस्ट्रेलियाची अलेक्झांड्रिया पर्किन्स तिसरी, ५६.३३. ५४.६० चा विश्वविक्रम वॉल्शनं मेमध्येच केलेला. मी तिचे हात बघतच नव्हते. सुरुवातीला आणि टर्ननंतर ती पाण्याखाली किती राहते ते बघत होते. डोकं पंधरा मीटरच्या खुणेपर्यंत बाहेर यायलाच हवं असा नियम आहे, आणि ती जणू ती खूण बघूनच वर येते. मी पाण्याखाली जेमतेम चार मीटर. तीन दिवसांनी २०० मीटरची शर्यत झाली. तीत कॅनडाच्या समर मॅकिंटॉशनं २:०१.९९ अशी वेळ देऊन पहिला नंबर काढला, पण आमच्या घरात चर्चा चौथ्या आलेल्या चीनच्या यू झिदीची. बारा वर्षांची! लेक म्हणाली, "आई, तुझ्या शेजारच्या लेनमधल्या मुलींएवढी आहे गं."

मुंबईहून साडेपाच तासांचं विमान. पोहोचण्याआधीच्या तीन दिवसांत एसजी अरायव्हल कार्ड ऑनलाइन भरावं लागतं. ते फुकट असतं. पैसे मागणारी संकेतस्थळं दिसली तर लगेच बंद करा. चांगी विमानतळावर पासपोर्टवर शिक्का मारत नाहीत, पास मेलवर येतो. तो मेल जपून ठेवा. का ते शेवटी कळेल.

मी लिटल इंडियात राहिले. हॉटेल महाग, रात्रीला आठ हजार दोनशे, पण सेरंगून रोडवर इडली-डोसा मिळतो, आणि शर्यतीआधी नव्या अन्नाचा प्रयोग पोटावर करायचा नाही असं सरांनी बजावलेलं. मी दशम्या आणि शेंगदाण्याची चटणीही नेली होती. मेट्रोला वेगळं कार्ड काढायची गरज पडली नाही, बँकेचं कॉन्टॅक्टलेस कार्ड फाटकावर टेकवून जाता येतं. गावभर लाल-पांढरे झेंडे, कारण ९ ऑगस्टला त्यांचा साठावा राष्ट्रदिन. मी रोज त्या झेंड्यांखालून पोहण्याची पिशवी घेऊन जायचे आणि उगीच सत्कार झाल्यासारखं वाटायचं.

कलांगच्या स्पोर्ट्स हबमध्ये ओळखपत्राच्या टेबलावर एक तरुण मुलगी होती. पासपोर्ट, व्हिसा, प्रवेशिका पुढे ठेवली आणि पाठ केलेलं इंग्रजी वाक्य म्हटलं: हे माझ्या नवऱ्याचं नाव आहे, आडनाव नाही, आमच्याकडे असं लावतात. तिनं तिन्ही शब्द पासपोर्टवर आहेत का ते बोट ठेवून बघितलं आणि दहा मिनिटांत गळ्यातलं कार्ड बरोबर करून दिलं. मग म्हणाली, शर्यतीची यादी मात्र छापून झाली आहे, ती आता बदलणार नाही. मी म्हटलं, काही हरकत नाही. तेव्हा खरंच वाटत नव्हती.

सरावाच्या तलावात पहिला अर्धा तास मी नुसती काठावर. एका लेनमध्ये वीस-वीस जण, सगळे आपापल्या भाषेत पुटपुटत. ऐंशीच्या घरातल्या एक बाई काठी टेकत आल्या, काठी भिंतीला लावली, पाण्यात उतरल्या आणि अशा गेल्या की मला माझ्या गुडघ्यांची लाज वाटली. त्यांनी उडी मारली नाही. मास्टर्समध्ये ठोकळ्यावरून, काठावरून किंवा पाण्यातच भिंतीला हात लावून, कशीही सुरुवात चालते. ज्यांना उडीची भीती आहे त्यांनी हे घोकून ठेवा.

शर्यतीच्या दिवशी साडेपाचला उठले. सगळ्यात वयस्क गट आधी, आणि प्रत्येक गटात हळू पोहणारे आधी, त्यामुळे आपली वेळ नक्की कधी येईल ते कळत नाही. प्राथमिक-अंतिम भानगड नाही, एकदाच पोहायचं, तीच वेळ. मी केळं आणि अर्धी दशमी खाऊन तीन तास बसले. मंगळसूत्र काढून कुणाकडे द्यायचं हा प्रश्न पडला. काढायचा नियम नाही, पण हात मागे जाताना अडकलं असतं. शेवटी मोज्यात घालून मोजा बुटात ठेवला.

कॉल रूममध्ये, म्हणजे शर्यतीआधी बसवतात त्या खोलीत, आठ जणी. शेजारी एक जपानी बाई डोळे मिटून बसलेली, पलीकडे एक ऑस्ट्रेलियन, तिनं मला चिकट गोळी दिली आणि आपल्या नातवाचा फोटो दाखवला. तेवढ्यात एका पंच बाईंनी माझ्या खांद्याकडे बोट केलं. निळी पट्टी. अंगावर कसलीही चिकटपट्टी चालत नाही, वैद्यकीय परवानगी असल्याशिवाय. नियमावलीत होतं. मी तीन वेळा वाचलेली नियमावली! बेडकाच्या किकची ओळ पाठ, आणि ही ओळ डोळ्यांखालून गेलेली. ऑस्ट्रेलियन बाईनं टोक धरलं आणि एका झटक्यात ओढली. कातडी लाल झाली. खांदा मात्र दुखायचा विसरला, कारण त्याहून जास्त काहीतरी दुखायला लागलं होतं.

मग बाहेर. फलकावर आमच्या आठ जणींची नावं. आठवी लेन. ठळक अक्षरांत माझ्या नवऱ्याचं नाव, पुढे माझं. आमचे हे आयुष्यात गुडघाभर पाण्याच्या पुढे गेलेले नाहीत. गणपती विसर्जनालासुद्धा काठावरूनच नमस्कार करतात. आणि सिंगापूरच्या तलावावर त्यांचं नाव झळकत होतं. मला हसू आलं, आणि त्या हसण्यानं पोटातला गोळा सुटला.

आखूड शिट्ट्या, म्हणजे तयार व्हा. लांब शिट्टी, ठोकळ्यावर चढा. 'टेक युअर मार्क्स'. भोंगा.

उडीत उजवा गॉगल सरकला आणि त्यात पाणी शिरलं. पहिले पंचवीस मीटर एका डोळ्यानं. घाबरले, पण कासरा आठवला, हनुवटी खाली. सरांनी सांगितलं होतं, पहिली लांबी आळसात पोहा. तशी पोहले. पन्नास मीटरच्या भिंतीशी जाताना उजव्या डोळ्याला फक्त निळा धूर. भिंत किती लांब ते दिसेना. मी स्ट्रोक मोजत होते, सरावाला भिंतीआधी शेवटचा अर्धा स्ट्रोक तोडायची सवय होती, तो या वेळी तोडला नाही, पूर्ण पसरून वाट बघितली. दोन तळहात. एकदम. ती थाप मला पाण्यातही ऐकू आली. दोन वर्षांपूर्वीची ती चिठ्ठी त्या क्षणी फाटली.

नंतर फलकावर बघितलं तर पहिली पन्नास ४९ सेकंदांत. म्हणजे मी पलटून पाच-सात मीटर गेले असेन तोवर वॉल्शची सगळी शर्यत संपली असती.

पंच्याहत्तरला पाय संपले. ठरवल्याप्रमाणे बेडूक. एक किक, एक स्ट्रोक. एक किक, एक स्ट्रोक. शेजारची लेन पुढे गेल्याचं बुडबुड्यांवरून कळलं. काठावर कोणीतरी कुठल्यातरी भाषेत ओरडत होतं, मी ते माझ्यासाठीच समजून घेतलं. शेवटचे पाच मीटर आठवत नाहीत. थाप आठवते. दोन्ही हात.

१:४६.३१. घरच्या तलावातल्या चांगल्या वेळेपेक्षा मागे, पण निकालात नाव होतं, बाद नाही. ते नाव शोधायला बरंच खाली जावं लागलं. पाण्यातून बाहेर पडायला ऑस्ट्रेलियन बाईनं हात दिला. मी तिला दशमी दिली.

दोन दिवसांनी ५० मीटर झाली, ४४ सेकंदांच्या आत, फार सांगण्यासारखं नाही. कोल्हापूरच्या वीरधवल खाडेनं २०१० च्या आशियाई स्पर्धेत याच अंतराच्या बटरफ्लायला ब्राँझ मिळवलं होतं. त्या अंतरात माणूस नक्की काय करतो ते मला अजून कळलेलं नाही. श्वास घ्यावा की नाही एवढं ठरेपर्यंत भिंत येते.

खर्चाचं विचारतात म्हणून: विमान ३३,८००. सहा रात्रींचं हॉटेल ४९,२००. व्हिसा, विमा आणि प्रवेशशुल्क मिळून २१ हजारांच्या आसपास. पोशाख १३,५००. तपासण्या ५,२००. तिथलं खाणं-फिरणं १७ हजार. एकूण एक लाख चाळीस हजारांच्या जवळ. सरांची फी आणि फिजिओ यात धरलेले नाहीत. दोघी मिळून गेलात तर हॉटेल अर्धं होईल. मी एकटी गेले कारण जिला विचारलं तिच्या सुनेचं बाळंतपण ऑगस्टमध्येच होतं.

परत येऊन कामावर रुजू झाले. दोन दिवसांनी वरच्या कार्यालयातून विचारणा: परदेशप्रवास झाल्याचा पुरावा सादर करावा, पासपोर्टवर सिंगापूरचा शिक्का दिसत नाही. म्हणून तो मेल जपा म्हटलं. मी पासचा मेल छापला, मुंबई विमानतळाच्या शिक्क्यांच्या पानाची प्रत लावली, आणि पुरावा भक्कम व्हावा म्हणून स्पर्धेच्या निकालाचं पानही जोडलं.

आठवड्यानं तिथल्या साहेबांचा फोन आला. आवाजात काळजी होती.

"मॅडम, बाकी सगळं बरोबर आहे. पण निकालात नाव मिस्टरांचं दिसतंय. पोहलं कोण?"